शीवकाट्याची दुसरी मूठ

माझ्या आत्याला आमच्या भागात सगळे रेघवाली म्हणतात आणि तिच्या नवऱ्याला पक्केकाका. यातलं पहिलं नाव तिला आवडत नाही. "मी काय भिंती रंगवते?" असं ती तोंडावर विचारते. दुसरं नाव काकांना फार आवडतं, कारण आयुष्यात त्यांना मिळालेली ती एकच पदवी आहे.

आत्या नगरपालिकेत शीव मोजायच्या कामावर आहे. शीव म्हणजे हे जग आणि पलीकडचं जग यांच्यामधली. ती घराघरातून जाते हे कुणाला नव्यानं सांगायला नको. पण ज्यांच्या घरातून ती जात नाही त्यांना बाकीचे लोक उगीच कांगावा करतात असं वाटतं, म्हणून सांगते. भिंतीतल्या ओलीसारखी ती हळूहळू सरकते. आज बाहेरच्या खोलीच्या कोपऱ्यात असेल, तर पुढच्या वर्षी कपाटामागे. ती दिसत नाही, टोचत नाही. पण तिच्यावर शेगडी ठेवली तर दूध कितीही आच दिली तरी कोमटच राहतं, तिथं उभं राहून सुरू केलेलं वाक्य अर्ध्यावर सुटतं, आणि तिथं पलंग टाकला तर झोपलेला माणूस सकाळी उठतो खरा, पण पुरता उठत नाही. पलीकडे काय आहे ते मला विचारू नका. आत्यालाही विचारू नका. "माझं काम अंतराचं आहे, वर्णनाचं नाही," एवढंच ती म्हणते आणि पुढच्या घराकडे चालायला लागते.

शीवकाटा प्रत्यक्ष पाहिलात तर तुमची निराशा होईल. जेवणाच्या ताटाएवढी पितळी तबकडी, वर काच, आत एक काळपट काटा. काटा कशाचा केलाय ते आता कुणालाच ठाऊक नाही, आणि ज्यांना ठाऊक होतं त्यांनी भाव खात खात ते गुपित बरोबर नेलं. तबकडीला दोन लाकडी मुठी. एक तिलाच घट्ट बसवलेली, ती मोजणाऱ्याच्या हातात. दुसरी लांबलचक तारेच्या टोकाला, ती पक्क्या माणसाच्या हातात. पक्का माणूस दाराशी उभा राहतो आणि मोजणारा तबकडी घेऊन घरभर फिरतो. काटा ताठ उभा असला म्हणजे सगळं इकडचं. शीव जवळ आली की तो झुकायला लागतो, आणि अगदी आडवा झाला की आत्या वाकून खडूनं रेघ ओढते. रेघेवर किंवा तिच्या पलीकडे पलंग, पाळणा, शेगडी, काहीच ठेवायचं नाही. संपलं शास्त्र.

आता पक्का माणूस म्हणजे ज्याचं मन या जगात खिळे ठोकून बसवलंय असा. असा माणूस मिळणं वाटतं तितकं सोपं नाही. कवी चालत नाहीत, नुकतेच प्रेमात पडलेले चालत नाहीत, घरातलं कुणी गेल्याचं दुःख ताजं असलेले तर अजिबात चालत नाहीत. आत्या नोकरीला लागली तेव्हा कचेरीनं दिलेला पक्का माणूस हवा जरा छान पडली की बिघडायचा. एकदा तो खिडकीबाहेर बघत बसला आणि त्याच्या पायी एका शिंप्याच्या घरातली रेघ थेट मोरीत गेली. तेव्हा वैतागून आत्यानं दार उघडायला आलेल्या शेजारच्या तरुणाच्या हातात मूठ कोंबली. काटा असा काही ताठ झाला की अडकला की काय म्हणून तिनं काचेवर टिचकी मारून पाहिली. "तुम्ही आत्ता कसला विचार करत होतात?" तिनं विचारलं. "घरी बटाटे उकडायला ठेवलेत, जास्त शिजले असतील का, असा," तो म्हणाला. थोड्याच दिवसांत त्यांचं लग्न झालं. आत्याच्या सासरची माणसं अजून म्हणतात की मुलगी नवरा बघायला नाही, हत्यार बघायला आली होती.

तेव्हापासून दोघं जोडीनंच कामावर जायचे. पुढे आत्या, काखेत तबकडी. मागे काका, हातात गुंडाळलेली तार. कुणाच्या घरात शीव नेमकी पाळण्याखाली निघायची, घरातली बाई रडायला लागायची, आणि काका दाराशी मूठ धरून विचारायचे, "हा पाव कोपऱ्यावरच्या दुकानातला का? काय फुगलाय!" मला लहानपणी याची भयंकर लाज वाटायची. मोठेपणी कळलं की ती रडणारी बाई काकांकडे बघूनच सावरायची. ज्या घरात अजून कुणी पावाची चौकशी करतंय त्या घराचं काही फारसं बिघडलेलं नसणार, असं तिला वाटत असावं.

आत्याचा स्वभाव याच्या अगदी उलट. जिनं तिला काम शिकवलं त्या म्हाताऱ्या मोजणारणीनं तिला एकच गोष्ट पढवली होती: काट्याशी वाद घालायचा नाही. लोक वाद घालायचे. "रेघ जरा तिकडे घ्या ना, कपाट बसत नाही हो." आत्या म्हणायची, "कपाट कापा." आणि लोकांनी खरंच कपाटं कापली आहेत. आमच्या भागात दोन दारांची कपाटं सापडणं मुश्कील आहे.

शीव जशी सरकते तसा कधीकधी माणूसही तिच्याकडे सरकतो. त्याला आजार नसतो, ताप नसतो. तो नुसता उत्तरं उशिरा द्यायला लागतो, ताटातलं ताटात ठेवतो, आणि एक दिवस त्याची खुर्ची रिकामी असते. त्याच्या हातात दुसरी मूठ दिली तर चांगल्या घरातही काटा झुकतो. माझ्या आजीच्या हातात, म्हणजे आत्याच्या सख्ख्या आईच्या हातात, तो असा झुकला होता. मी तिथं होते. आत्या म्हणाली, "आई, काटा झुकलाय." आजी म्हणाली, "बरं." आणि दोघी मायलेकी मटार सोलत राहिल्या. आजी गेली तेव्हा आत्या एक दिवस घरी बसली आणि दुसऱ्या दिवशी कामावर गेली. माझे वडील बहिणीवर पुष्कळ दिवस धुमसत होते. त्यांचं म्हणणं एवढंच होतं की निदान त्या काट्याला दोन शिव्या तरी द्यायच्या होत्यास.

म्हणून त्या सकाळी जे ऐकलं त्यावर माझा विश्वास बसेना.

मी त्यांच्याच इमारतीत वरच्या मजल्यावर राहते आणि सकाळचा चहा त्यांच्याकडे पिते, कारण माझ्या हातचा चहा मलाच आवडत नाही. कामावर निघण्याआधी ते दोघं स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून काटा तपासतात. त्यांच्या घराच्या आसपास शीव नाही, त्यामुळे दोघांनी मुठी धरल्या की काटा ताठ उभा राहायला हवा. त्या दिवशी तो झुकला. फार नाही, पण झुकला. आत्यानं काच पुसली, खुर्ची बदलली, काकांना कोरडे हात करून यायला सांगितलं. काटा तसाच. मग तिनं काकांकडे पाहिलं, आणि मीही पाहिलं. मोजणारा हलत नाही हे या कामात धरूनच चालतात. ज्याच्या हातानं मोजायचं तोच हात सरकतो म्हटलं तर मग मोजणार कोण? तेव्हा सरकले ते काकाच, यात आम्हाला काही शंका वाटली नाही.

"काय झालं?" काकांनी विचारलं. "अंडं लागलंय का मिशीला?"

आता आत्या म्हणेल, 'अहो, काटा झुकलाय,' आणि काका म्हणतील, 'बरं,' असं समजून मी डोळे मिटून घेतले.

"काटा खोटं बोलतोय," आत्या म्हणाली.

जन्मात पहिल्यांदा ती काट्याशी वाद घालत होती. तिनं तबकडी उलटी केली, सुलटी केली, तिला हलवली, आणि शेवटी तिच्यावर दोन्ही हात टेकून म्हणाली, "मी नाही देणार. ऐकलंस? यांना मी नाही देणार." हे ती काट्याला म्हणत होती. काका मुकाट्यानं अंडं खात होते.

त्यानंतर काकांचे जे हाल सुरू झाले ते काय वर्णावे! माणसाला या जगात काय धरून ठेवतं याबद्दल आत्याचं मत ठाम आहे. प्रेम-बिम नाही, कटकट. ज्याच्या मागे कटकट आहे तो कुठं जात नाही, असं ती म्हणते. तेव्हा तिनं काकांच्या मागे कटकटींचा ससेमिरा लावला. त्यांची मऊ खुर्ची काढून तीन पायांवर डुगडुगणारी खुर्ची दिली. नवे बूट आणले, तेही मुद्दाम चिमटे काढणारे. भाजीत मीठ एक दिवस जास्त तर एक दिवस कमी घातलं, म्हणजे त्यांनी तक्रार करावी. ते तक्रार न करता दोन्ही दिवस ताट चाटून पुसून मोकळे. जिन्यातल्या दिव्यांसाठी इमारतीची एक समिती आहे, जिच्यातली माणसं एकमेकांशी बोलत नाहीत. आत्यानं काकांना तिच्यावर निवडून आणलं. शेवटी बासरी शिकणाऱ्या शेजाऱ्याशी कडाक्याचं भांडण करायला पाठवलं, तर काका त्याच्याकडे चहा पिऊन आले आणि म्हणाले, "तशी वाईट वाजवत नाही गं."

आत्यानं कपाळावर हात मारला. "बासरी आवडायला लागली," ती मला म्हणाली. "आता काय उरलं?"

भांडायला मग तीच जाऊ लागली. दिव्यांवरून, पाण्यावरून, दारात ठेवलेल्या चपलांवरून. आधी ही बाई जिन्यात कुणाकडे मान वर करून बघायची नाही. आता तिच्या आवाजानं जिना दणाणायचा. घरी येऊन ती काकांना भांडणाचा सगळा पाढा वाचून दाखवायची, म्हणजे त्यांचंही रक्त उसळावं. टेबलावर तिचा चहा गार होत पडलेला असायचा. काळजीनं होत असेल, असं मला वाटायचं.

इकडे माझी वेगळीच पंचाईत झाली. मी त्याच नगरपालिकेत तक्रारींच्या खिडकीशी बसते. लोक येतात, ओरडतात, आणि मी त्यांना खरं काय ते सांगते. मला खोटं बोलता येत नाही, याचा मला जरा गर्वही आहे. तर माझ्या खिडकीशी एकाच तऱ्हेच्या तक्रारी यायला लागल्या. यंदा रेघ हातभर आत आली. शिंप्याला त्याचं मशीन गॅलरीत न्यावं लागलं होतं. एक पेन्शनर बाई म्हणाल्या, "मी मोरीत डोकं आणि बाहेर पाय करून झोपते. असं किती दिवस चालायचं?" कोपऱ्यावरचा पाववाला तर भट्टीच सरकवायची म्हणून हमरीतुमरीवर आला होता. एखाद्या घरात शीव सरकते. सगळ्यांच्याच घरात ती एकाच मापानं कशी सरकेल? कारण मला ठाऊक होतं. काटा घरून निघतानाच झुकलेला, त्यामुळे तो लवकर आडवा व्हायचा आणि रेघ अलीकडे पडायची. मी मूग गिळून बसले.

पण आमच्या कचेरीतले साहेब काही बावळट नव्हते. त्यांनी मला बोलावून घेतलं. "पक्केकाका आता पक्के राहिले नाहीत," ते म्हणाले. वाईट वाटल्यासारखं म्हणाले, कारण त्यांच्याही घरी काकांनी एकदा पावाची चौकशी केली होती. "सोमवारी मी नवा माणूस देतो. त्यांच्यादेखत मूठ त्याच्या हातात देऊन बघू. काटा ताठ झाला की प्रश्न मिटला."

प्रश्न मिटला म्हणजे काका सरकले यावर शिक्का बसणार होता. दुसऱ्या सकाळी जड पायांनी मी खाली गेले. आत्या घरात नव्हती. पाववाल्याशी भट्टीवरून सामना करायला गेली होती. काका डुगडुगत्या खुर्चीत बसून पायातले बूट सैल करत होते. तबकडी टेबलावर होती. मी त्यांना साहेबांचं सांगितलं, आणि सांगता सांगता मला रडू फुटलं. त्यांनी हातातला रुमाल पुढे केला. त्याला बुटांच्या पॉलिशचा वास येत होता.

"काका, किती सरकलात ते तरी बघू द्या मला," मी म्हणाले आणि आत्याची मूठ उचलली.

"राहू दे गं."

"नाही. मला बघायचंय."

त्यांनी नाइलाजानं दुसरी मूठ हातात घेतली. काटा थरथरला आणि ताठ उभा राहिला. कुठंही तसूभर झुकलेला नाही. मी काचेवर टिचकी मारली. ताठ. आनंदानं मी इतक्या जोरात उठले की खुर्ची पडली. "काका! तुम्ही बरे झालात! आत्याला हाक मारते, थांबा..."

"ओरडू नकोस," काका म्हणाले. "बस खाली."

त्यांच्या आवाजात असं काही होतं की मी बसले. त्यांनी माझ्या हातातल्या मुठीकडे पाहिलं. आणि मग मला कळलं. काकांची मूठ तीच, काका तेच. बदललं होतं ते एकच, आत्याच्या मुठीवर आज माझा हात होता.

"आत्या?" मी विचारलं.

"पहिल्याच आठवड्यात कळलं मला," काका म्हणाले. "ती आंघोळीला गेली की दारावर येईल त्याला आत बोलवायचो. तो तबकडीची मूठ धरणार, मी माझी. पोस्टमन झाला, गॅसवाला झाला. नळवाल्याला वाटलं मी त्याला शॉक देतोय. सगळ्यांच्या हातात काटा सरळ. मग मी ठीकच आहे की. मग राहिलं कोण?"

"पण कसं काय? ती तर..."

"अगं, आयुष्यभर ती त्या रेघेवर वाकून उभी राहिली. मी आपला दाराशी. मी पाव बघत होतो, ती तिकडे बघत होती. कधीतरी पाय ओढला जाणारच ना तिकडे. चहा प्यायची विसरते. एक बूट घालून दारात उभीच राहते. मी 'काय गं' म्हटलं की तिला यायला वेळ लागतो. तुम्हाला दिसत नाही, मला दिसतं. मी दुसरं काय बघतो?"

माझा राग उसळून आला. कुणावर ते मलाच कळेना, म्हणून काकांवर काढला. "आणि तुम्ही तिला सांगितलं नाही? इतके दिवस ती तुमच्यासाठी जिवाचं रान करतेय, आणि तुम्ही तिच्या हातचं खारट खात मजेत बसलात? तिला कळायला नको? तिचा हक्क आहे तो!"

"सांगितलं तर ती काय म्हणेल?" काकांनी विचारलं.

मला मटार सोलणारी आजी आठवली.

"'बरं' म्हणेल," काकाच म्हणाले. "दुसरं काय म्हणणार? तबकडी पुसून पेटीत ठेवेल, कुणाला काय शिकवायचं ते शिकवेल, माझ्यासाठी कुठं काय ठेवलंय ते सांगेल, आणि जाईल. स्वतःसाठी ती काट्याशी कधीच भांडायची नाही. स्वतःसाठी तिनं कधी दुकानदाराकडून नासकं फळसुद्धा बदलून आणलं नाही. माझ्यासाठी मात्र बघ काय चाललंय. काल जिन्यात दिव्यांवरून तिनं सगळ्या समितीला उभं आडवं घेतलं. संध्याकाळी आम्ही मुठी धरल्या तर काटा केसभर वर होता. ती भांडते त्या दिवशी तो वर येतो. मग मी बरा कशाला होऊ? तू सांग."

ज्या माणसाला मी जन्मभर बटाट्यांपलीकडे काही सुचत नाही असं समजत होते, तो चिमटे काढणारे बूट घालून बायकोसाठी आजारी पडला होता.

"पण त्या रेघा? लोकांना किती त्रास होतोय," मी तरी म्हणालेच. तक्रारीच्या खिडकीशी बसणारी बाई मी, सवय जात नाही.

"अलीकडे पडल्यात ना, पलीकडे तर नाही. त्यानं कुणाला काही होत नाही. तू खिडकीतून हळूच सांग, रेघेच्या हातभर पुढे ठेवलं तरी चालेल म्हणून. त्या मोरीतल्या बाईंना आधी सांग. आणि साहेब तुझ्या खिडकीचंच ऐकतात. सोमवारी त्या नव्या माणसानं मूठ धरली आणि काटा तसाच झुकला, की तिला कळलंच. तेवढं थांबव."

"मला खोटं बोलता येत नाही, काका."

"मला तरी कुठं येतं?" काका म्हणाले. "खोकून दाखवू का? फार वाईट जमतं."

तेवढ्यात जिन्यात आत्याचा आवाज आला. ती पायऱ्या चढत चढतच पाववाल्याच्या खानदानाचा उद्धार करत होती. दार ढकलून आत आली ती लालबुंद, हातात पाव, केस विस्कटलेले. "जिंकले!" ती म्हणाली. "भट्टी हलवणार आहे. वर पाव ताजा दिला, कालचा देत होता मेला." तिनं पाव टेबलावर टाकला, चप्पल न काढताच तबकडीची मूठ धरली आणि काकांना फर्मान सोडलं, "धरा."

काकांनी मूठ धरली. काटा झुकलेला होता, पण कालच्यापेक्षा कमी. मलाही दिसलं.

"बघा! सरकलात की नाही अलीकडे?" आत्या एखाद्या पोरीसारखी हसली. "माझं ऐकलंत म्हणून. नाहीतर गेला असतात त्या बासरीवाल्याच्या नादानं." ती खुर्चीत टेकली. मूठ अजून हातात होती. "चला, सुटले बाई एकदाची. काढा ते बूट. तुमची ती खुर्चीही आणते माळ्यावरून. आता जरा निवांत. उद्या आपण दोघं त्या..."

वाक्य तिथंच राहिलं. मी पुढच्या शब्दाची वाट बघितली. तो आला नाही. तिचे डोळे समोरच्या भिंतीवर होते आणि भिंतीवर काही नव्हतं. चेहरा शांत होता, इतका शांत की मला तो ओळखीचा वाटेना. काका खोकले. खरोखर फार वाईट खोकले. दार करकरावं तसा आवाज आला. आत्याला ऐकू गेलं नाही. ते पुन्हा खोकले. काचेखाली काटा खाली चालला होता, सावकाश, कुणाला काही न विचारता.

काकांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं आणि ते मात्र नाटक नव्हतं. सोमवारी साहेबांना काय सांगायचं ते त्या क्षणी माझं ठरलं. पण त्याआधी आत्ताचं बघायचं होतं.

"आत्या!" मी जिवाच्या आकांतानं ओरडले. "काकांकडे बघ! काटा बघ, काका चाललेत!"

ती दचकली. पाण्यातून वर यावं तसा तिनं श्वास घेतला, मान वळवली, आणि आधी काट्याकडे नाही, काकांकडे पाहिलं. मग ताडकन उठून तिनं टेबलावरून हात लांबवला आणि त्यांचं मनगट धरलं.

"अहो! कुठं निघालात?" ती कडाडली. "बूट काढायचे नाहीत, सांगून ठेवते. तोंड काय बघताय माझं? असं कसं जाऊ देईन मी तुम्हाला? मी आहे ना इथं!"